प्रायमरला ब्रश कुठला घ्यावा? आधी प्रायमर बोटांत चोळून बघा

मेकअपताई_सांगली

तुळशीचं लग्न झालं की आपल्याकडच्या मंगल कार्यालयांच्या तारखा भरायला लागतात, आणि त्याच सुमाराला मुली विचारायला लागतात, "ताई, प्रायमरला ब्रश कुठला घेऊ?" प्रायमर म्हणजे फाउंडेशनच्या, म्हणजे त्वचेच्या रंगाच्या मुख्य मेकअपच्या, आधी चेहऱ्याला लावायचा थर. बहुतेकींना एखाद्या ब्रशचं नाव हवं असतं. पण नुसतं नाव सांगून भागत नाही, कारण समोरचीच्या हातात प्रायमर कुठला आहे ते मला माहीत नसतं. म्हणून हा धागा काढतेय. सांगली, मिरज, कुपवाड, तिकडं सातारा-कराड, जिथनं वाचत असाल तिथनं लिहा.

ब्रश प्रायमरच्या पोतावरून ठरतो. ब्रशच्या सेटच्या खोक्यावर काय छापलंय ते क्षणभर बाजूला ठेवा. प्रायमरचा थेंब अंगठा आणि तर्जनीत घेऊन चोळा.

घट्ट आहे, घसरतोय, आणि बोटं मखमली गुळगुळीत झाली? मग तो सिलिकॉनचा, पोअर्स, म्हणजे त्वचेची छिद्रं, बुजवणारा. त्याचं काम त्वचेवरचे बारीक खड्डे भरून वरचा थर सपाट करणं. हा आत जिरत नाही, वरच बसतो, त्यामुळं त्याला दाबून बसवावं लागतं. दाट, आखूड केसांचा, वरनं सपाट कापलेला छोटा ब्रश घ्या. दुकानात फ्लॅट टॉप म्हणून मागा. नाकाच्या दोन्ही बाजू, गालाचा नाकाजवळचा भाग, हनुवटी, एवढ्यावरच थोडा थोडा दाबत जा. घासलंत की खड्ड्यात बसलेला थर परत बाहेर ओढला जातो आणि फाउंडेशन लावताना बारीक गोळ्या सुटतात. गालाच्या कडेला, कानाजवळ पोअर्स दिसतच नसतील तर तिथं हा लावायचं कारण नाही.

पातळ आहे, गार लागतोय, लगेच जिरतोय? तो पाण्याचा किंवा जेलचा. त्याला दाट ब्रश नको, कारण अर्धा प्रायमर केसांच्या मुळाशीच अडकतो. इथं ड्युओ फायबर चांगला. त्यात दोन लांबीचे तंतू असतात, लांब तंतूंची फक्त टोकं टेकतात, त्यामुळं थर पातळ आणि सारखा पडतो. चपटा, पात्यासारखा फाउंडेशन ब्रशही चालतो. चेहऱ्याच्या मधनं बाहेर एकदा फिरवायचा आणि सोडून द्यायचं. अर्धवट सुकलेल्या जेलवर परत ब्रश फिरवला की रेघा उमटतात.

बोटं एकमेकांना चिकटली तर तो ग्रिप प्रायमर, बेस, म्हणजे वरचा फाउंडेशनचा थर, धरून ठेवणारा. याला फुलारलेला ब्रश अजिबात नको, केसांचे झुपके होतात. चपटा, जरा ताठ सिंथेटिक ब्रश घ्या, भरभर पसरा आणि चिकटपणा आहे तोवरच फाउंडेशन बसवा.

पूर्ण चेहऱ्याला वाटाण्याएवढा प्रायमर पुरतो. आपल्याकडच्या एप्रिल-मेच्या लग्नात, पंखे फिरतायत आणि शेजारी होम पेटलाय अशा वेळी, जास्त प्रायमर हा आधार नसतो. जाड थर घामाबरोबर सरकतो आणि वरचा सगळा बेस घेऊन जातो.

---

फार्मसी_कराड

ताई, छान सुरुवात. बोटांच्या परीक्षेला बाटलीवरच्या वाचनाची जोड देते.

घटकांच्या यादीत जे जास्त प्रमाणात ते आधी लिहिलेलं असतं. पहिल्या चार-पाच नावांत 'डायमेथिकोन' दिसलं, किंवा शेवटी 'सिलोक्सेन' असलेलं नाव दिसलं, म्हणजे सिलिकॉनचा प्रायमर. सुरुवातीला पाणी, ग्लिसरीन असेल आणि ही नावं नसतील किंवा पार खाली असतील तर पाण्याचा प्रायमर. आता हीच यादी फाउंडेशनच्या बाटलीवरही वाचा. सिलिकॉनच्या जाड थरावर पाणीदार फाउंडेशन नीट पसरत नाही, जागोजागी फुटतं. पुष्कळ जणी मग ब्रशला दोष देतात आणि नवा ब्रश घेऊन येतात. खरी भानगड दोन बाटल्यांमधली असते.

सगळ्याच जोड्या भांडतात असंही नाही. बनवण्याच्या पद्धतीवर बरंच अवलंबून असतं. जबड्याच्या कडेला दोन्ही लावून पाच-दहा मिनिटं थांबून बघावं, एवढ्यात कळतं.

आणखी एक. सायक्लोपेंटासिलोक्सेन हा उडून जाणारा घटक आहे. तो प्रायमर पसरायला मदत करतो आणि मग हवेत जातो, मागं डायमेथिकोनचा थर राहतो. म्हणून प्रायमरनंतर एक-दोन मिनिटं थांबायला सांगतात. ती मिनिटं खाल्ली तर कुठलाही ब्रश वापरा, फाउंडेशन सरकणारच.

---

कासपठार

साताऱ्याहून. मी पार्लर चालवत नाही, ऑफिसला जाताना रोजचा हलका मेकअप करते. मला प्रामाणिकपणे वाटतं की प्रायमरला ब्रश लागतच नाही. बोटं आहेत की! बोटांच्या उबेनं सिलिकॉनचा प्रायमर मऊ पडतो आणि मस्त बसतो. पावसाळ्यात आमच्याकडं कपडे दोन-दोन दिवस वाळत नाहीत, त्यात ब्रश धुऊन वाळवायचा म्हणजे आणखी एक काम. ओला ब्रश पाऊचमध्ये घातला की वास धरतो.

स्पंजबद्दलही कुणीतरी लिहा. मैत्रीण ओल्या स्पंजनं प्रायमर लावते.

---

मेकअपताई_सांगली

कासपठार, स्वतःचा चेहरा, स्वच्छ धुतलेले हात आणि सिलिकॉनचा प्रायमर असेल तर बोटंच उत्तम. यात तुमच्याशी माझं दुमत नाही. अनामिका वापरा, तिचा दाब आपोआप हलका पडतो.

पण तीन ठिकाणी मला ब्रशच लागतो. पहिलं, दुसऱ्याचा चेहरा. नवरीला कुणाचीही बोटं चेहऱ्यावर फिरलेली आवडत नाहीत, आणि स्वच्छतेच्या दृष्टीनंही धुतलेला ब्रश बरा. दुसरं, नाकपुडीच्या मागची खाच आणि डोळ्याचा आतला कोपरा. तिथं बोट मावत नाही, डाग झाकायच्या कन्सीलरचा छोटा ब्रश नेमका जातो. तिसरं, पातळ जेल. ते बोटांवरच जिरून जातं, चेहऱ्यापर्यंत निम्मंच पोचतं.

स्पंजाचं म्हणाल तर प्रायमरला नको. स्पंज पितो, आणि ओला असेल तर सिलिकॉनच्या थरात पाणी मिसळतं. तोच स्पंज पुढं फाउंडेशनला वापरा, तिथं तो कामाचा.

---

रंगपेटी

मी नाटकाच्या रंगभूषेतला माणूस, आता वय झालं. सांगलीला नाट्यपंढरी म्हणतात. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी 'सीतास्वयंवर' इथंच रंगवलं. त्या परंपरेतल्या रंगपटात आम्ही वाढलो. आमच्या वेळी प्रायमर ही बाटली नव्हती, पण काम होतं. रंगाच्या कांड्या चढवण्याआधी चेहऱ्याला तेलाचा किंवा व्हॅसलीनचा पुसटसा हात द्यायचा आणि जास्तीचं कापडानं टिपून घ्यायचं. टिपायला विसरलं की दुसऱ्या अंकात रंग ओघळलाच. ताईंनी जाड थराचं लिहिलंय ते वाचून म्हणूनच मान डोलावली.

ब्रशबद्दल एक गोष्ट तळमळीनं सांगतो. जुन्या पेट्यांमध्ये अजून मुंगसाच्या केसांचे ब्रश सापडतात, काही चित्रकलेच्या सामानाच्या दुकानांतही चोरून मिळतात. टोक फार सुरेख धरतात म्हणून लोक घेतात. मुंगूस वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ खाली संरक्षित प्राणी आहे. त्याच्या केसांचे ब्रश बनवणं, विकणं, बाळगणं हा गुन्हा आहे. थोड्या ब्रशांसाठी कितीतरी मुंगसं मारली जातात. कुणी कौतुकानं देऊ केला तरी घेऊ नका. आजचे सिंथेटिक तंतू ओल्या कामाला त्याहून चांगले आहेत, हे मी हातानं काम करून सांगतोय.

---

तासगावची_शिकाऊ

काका, ताई, दोघांना नमस्कार. मी नुकताच बेसिक कोर्स केला आहे. क्लासमध्ये सांगितलं की नॅचरल हेअरचे ब्रश जास्त भारी असतात. मग प्रायमरला शेळीच्या केसांचा घ्यावा का? आणि बजेट कमी आहे, सुरुवातीला किती ब्रश घेऊ? मारुती रोडला सगळीकडं बारा-चोवीसचे सेट दाखवतात.

---

मेकअपताई_सांगली

तासगाव, नॅचरल हेअर भारी असतात ते पावडरीच्या कामाला. प्राण्याच्या केसाला वरून बारीक खवले असतात. त्यात कोरडी पावडर छान अडकते आणि हलकी सुटते. पण तोच केस ओला माल शोषून घेतो. प्रायमर, फाउंडेशन, कन्सीलर, म्हणजे जे जे ओलं, त्याला सिंथेटिकच. सिंथेटिक तंतू गुळगुळीत असतो, पीत नाही, धुतल्यावर लवकर वाळतो. साताऱ्याच्या पावसात राहणारीला तर हाच मोठा फायदा.

सेट घेऊ नकोस. चोवीसातले निम्मे ब्रश पेटीत तसेच पडून राहतात, आणि ज्यांचं रोज काम पडतं तेच हलक्या प्रतीचे निघतात. प्रायमरसाठी सुरुवातीला दोन पुरे: एक सपाट डोक्याचा दाट छोटा, एक ड्युओ फायबर. नाकाजवळच्या जागांना तुझा कन्सीलर ब्रश चालेल, फक्त प्रायमर लावून झाल्यावर पुसून घे. पुढं नवऱ्या घ्यायला लागलीस की याच दोन्हींच्या आणखी जोड्या कर. एकीला वापरलेला ब्रश न धुता दुसरीला लावायचा नाही, हा नियम पहिल्या दिवसापासून पाळ.

दुकानात उभ्या उभ्या काय बघायचं ते सांगते. ब्रश हाताच्या पाठीवर दाबून सोड. केस लगेच सरळ झाले पाहिजेत. फेंदारलेलेच राहिले तर पुढं धुतल्यावर आणखी फेंदारतील. मग गालावर गोल फिरव. टोचत असेल तर नवरीलाही टोचणार, आणि प्रायमरच्या वेळी तर चेहऱ्यावर काहीच थर नसतो. केस चिमटीत धरून हलके ओढ. एखादा आला तर चालतं, नव्या ब्रशात सुटा केस असतो, पण झुपका आला तर ठेवून दे. केस आणि दांडा यांना जोडणारी जी धातूची नळी असते ती धरून दांडा हलवून बघ. खुळखुळली तर गोंद नीट बसलेला नाही. आणि गडद रंगाचे केस असतील तर ओल्या पांढऱ्या रुमालावर घास, रंग सुटतो का बघ. दुकानदार कुरकुर करेल, करू दे. रंग सुटणारा ब्रश उघड्या त्वचेवर चालत नाही.

---

जत_माहेर

माझ्या बहिणीचं लग्न आहे, मेकअप मीच करणार आहे. आदल्या दिवशी हळद. आमच्याकडं हळद म्हणजे नुसतं बोट लावणं नसतं, अंगभर माखतात! दुसऱ्या दिवशी चेहरा पिवळा दिसतो आणि फोटोत तर जास्तच. जांभळा प्रायमर मिळतो तो लावू का? कुठल्या ब्रशनं?

---

मेकअपताई_सांगली

हा प्रश्न आला याचा फार आनंद झाला. सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालं, तिच्या पिवळेपणाचं कौतुक आहेच, पण लग्नाच्या सकाळी तोच रंग आपल्या बेसच्या आड येतो.

प्रायमरकडं वळण्याआधी चेहऱ्यावरची हळद जितकी निघेल तितकी काढ. हळदीतला पिवळा घटक, कर्क्युमिन, पाण्यात जवळजवळ विरघळत नाही, तेलात विरघळतो. म्हणून साबण लावून कितीही खसाखसा धुतलं तरी रंग हटत नाही, उलट त्वचा लाल होते. हळद उतरवली की त्याच रात्री क्लिन्झिंग ऑइल किंवा साधं खोबरेल तेल हलक्या हातानं चोळ, मऊ कापडानं टिपून घे, मग सौम्य फेसवॉश. पिंपल्सची त्वचा असेल तर खोबरेल नको, क्लिन्झिंग ऑइलच वापर. लगेच ब्लीच किंवा स्क्रब करायला कुणी सुचवलं तर ऐकू नकोस. लग्नाच्या सकाळी सोलवटलेली त्वचा कुठल्याच प्रायमरनं झाकत नाही.

त्यानंतर उरलेल्या पिवळ्या झाकेला फिक्या जांभळ्या रंगाचा प्रायमर बरोबर आहे. रंगचक्रात जांभळा पिवळ्याच्या समोर येतो, म्हणून दोघं एकमेकांना मारतात. पण पूर्ण चेहऱ्यावर फासलास तर सावळ्या आणि गव्हाळ रंगावर राखाडी झाक येते. जिथं पिवळं उरलंय तिथंच लाव. हळद बहुतेक करून केसांच्या रेषेशी, कानांपुढं आणि ओठांभोवती रेंगाळते. इथं ड्युओ फायबरची फक्त टोकं वापर. आधी प्रायमर स्टीलच्या प्लेटवर घे, ब्रश टेकव, जास्तीचा प्लेटवरच पुसून टाक आणि मग हलक्या टिपक्यांनी लाव. थर इतका पातळ पाहिजे की जांभळा रंग दिसूच नये, फक्त पिवळा कमी झालेला दिसावा. खिडकीतल्या उजेडात बघ, ट्यूबच्या उजेडात फसगत होते.

मान विसरू नकोस. चेहरा एका रंगाचा आणि मान पिवळी, असे अल्बम मी पुष्कळ पाहिलेत. मानेवरही हळद तशीच तेलानं काढ.

---

फार्मसी_कराड

जोडते. जांभळा प्रायमर आणि बहिणीचं फाउंडेशन, दोन्ही आधी एकदा लावून बघ. हळदीच्या आधीच बघ. लग्नाच्या दिवशी पहिल्यांदा उघडलेली बाटली वापरू नये. कानामागं किंवा कोपराच्या आतल्या बाजूला लावून एक दिवस थांब, खाज किंवा लाली आली तर ती बाटली बाद.

---

मिरज_लक्ष्मीमार्केट

धुण्याबद्दल कुणीच लिहिलं नाही म्हणून विचारतो. माझी बायको पार्लर चालवते. आमच्या बोअरचं पाणी जड आहे. ब्रश धुतले की वाळल्यावर ताठ होतात, पांढरट दिसतात. सिलिकॉनचा प्रायमर तर निघतच नाही, केस तेलकट राहतात. काही उपाय?

---

मेकअपताई_सांगली

दादा, दोन वेगळ्या अडचणी आहेत.

ताठपणा जड पाण्यातल्या क्षारांचा. साबण त्या क्षारांशी मिळून चिकट साका तयार करतो आणि तो केसांवर बसतो. म्हणून अंघोळीचा साबण बंद करा, बेबी शॅम्पू वापरा, त्याचा असा साका होत नाही. शेवटचं धुणं मात्र फिल्टरच्या पाण्यानं. एक तांब्या पुरतो.

सिलिकॉन नुसत्या शॅम्पूला दाद देत नाही. आधी कोरड्याच ब्रशला तेलाचे दोन थेंब लावून तळहातावर फिरवा, प्रायमर सुटेल, ते टिश्यूवर पुसा. मग भांड्यांच्या लिक्विड सोपचा एखादा थेंब, आणि शेवटी शॅम्पू. सिंथेटिक तंतूला हे सोसतं.

पाणी वरच्या धातूच्या नळीत जाऊ देऊ नका. केसांची टोकं खाली ठेवूनच धुवा. नळीतला गोंद पाण्यानं सुटला की केस गळायला लागतात आणि बिचाऱ्या ब्रशला लोक हलका म्हणतात. वाळवताना टेबलाच्या कडेवर आडवे ठेवा, केसांचा भाग कडेबाहेर, म्हणजे चारी बाजूंनी हवा लागते. ग्लासात उभे ओले ठेवायचे नाहीत. गरम ड्रायर तर नकोच.

---

फार्मसी_कराड

अमेरिकन अकॅडमी ऑफ डर्मटॉलॉजी स्वतःपुरते वापरायचे ब्रश दर सात ते दहा दिवसांनी धुवायला सांगते. पार्लरमध्ये मात्र प्रत्येक गिऱ्हाइकानंतर. दोन नवऱ्यांच्या मधे वेळ नसेल तर ब्रश आधी पुसून ७० टक्के आयसोप्रोपाइल अल्कोहोल मारायचं आणि पूर्ण उडू द्यायचं. हे धुण्याच्या जागी नाही, संध्याकाळी शॅम्पूनं धुवायचेच. आणि बाटली पेटलेल्या समईपासून, होमापासून लांब ठेवा, अल्कोहोल लगेच पेट घेतं.

एखादीला डोळे आले असतील किंवा ओठावर ताप उठला असेल तर त्या भागाला फेकून द्यायचे कापसाचे बड्स वापरा. तिथं आपला ब्रश लावूच नका.

---

कासपठार

मी पुन्हा आले. ताईंचं वाचून जेलच्या प्रायमरला ड्युओ फायबर घेतला. खरंच निम्म्या थेंबात काम होतंय. सिलिकॉनचा मात्र मी बोटांनीच लावणार.

---

मेकअपताई_सांगली

लावा की! तेच बरोबर आहे.

---

तासगावची_शिकाऊ

ताई, शेवटचं एक. आता नवरदेवही मेकअप करून घेतात. परवा एकाचा फोन आला, दाट दाढी आहे. दाढीवर प्रायमर कसा लावायचा? ड्युओ फायबर दाढीत अडकेल ना?

---

मेकअपताई_सांगली

दाढीवर लावायचाच नाही. केसांत प्रायमर अडकला की पांढरे कण दिसतात, आणि त्यावर बेसचा हात लागला तर दाढी धुरकट दिसते. त्याला कपाळ, नाक आणि डोळ्याखालचा गाल एवढंच पुरे. घामानं चमकतं तेही तिथंच. तेल धरणारा मॅट, म्हणजे न चमकणारा, प्रायमर घे, सपाट डोक्याचा छोटा ब्रश घे, आणि दाढीच्या रेषेच्या बोटभर वरच थांब. रेषेजवळ ब्रशला नवा माल न घेता उरलेल्यावरच वरच्या दिशेनं टिपत जा, म्हणजे कड दिसणार नाही. मुंडावळ्या आणि फेटा बांधणार असतील तर कपाळाला अगदीच पातळ, नाहीतर फेट्याच्या आतल्या बाजूला डाग पडतो. फेटा आधी बांधणार की मेकअप आधी, हे त्याच्या घरच्यांना फोनवरच विचारून ठेव.